‘संग्रहित छायाचित्रा’तील माणसे

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार वि. वि.

आपल्या दैनिकाच्या रविवार पुरवणीत स्थलांतरितांच्या चित्रपटांविषयी नुकताच एक सविस्तर लेख प्रसिद्ध झाला. जॉन अकॉम्फ्रा यांच्यासारख्या दिग्दर्शकाची मराठी वाचकांना ओळख करून द्यावी असे आपल्याला वाटले, याचा मला मनापासून आनंद झाला आणि लेखिकेने घेतलेल्या कष्टांविषयी आदरही वाटला. तरीही त्या पानावरील दोन शब्दप्रयोग तेव्हापासून मनातून जात नाहीत. पहिला मथळ्यातला, ‘कृष्णवर्णीयांचे स्मरणरंजन’. दुसरा लेखासोबतच्या छायाचित्राखालचा. कोट-टोपी घातलेली माणसे जहाजाच्या शिडीवरून उतरत आहेत असे ते छायाचित्र आहे आणि त्याखाली केवळ ‘संग्रहित छायाचित्र’ एवढेच छापले आहे. वृत्तपत्रात हे दोन्ही शब्द रोज वापरले जातात, हे मी जाणतो. परंतु अकॉम्फ्रा गेली चाळीस वर्षे ज्या वृत्तीशी झगडत आले, ती वृत्ती नेमकी याच दोन शब्दांत सामावलेली आहे असे मला वाटते आणि म्हणून हे पत्र लिहीत आहे.

अकॉम्फ्रा यांचा जन्म मे १९५७ मध्ये आक्रा येथे झाला. घाना स्वतंत्र झाला तो त्याच वर्षीच्या ६ मार्चला, म्हणजे देश आणि हा मुलगा जवळजवळ एका वयाचे. आई आणि वडील दोघेही वसाहतविरोधी चळवळीत होते आणि घानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांच्या राजवटीशी घराचा निकटचा संबंध होता. २४ फेब्रुवारी १९६६ रोजी एन्क्रुमा परदेशात असताना लष्कराने सत्ता ताब्यात घेतली. वडील त्या संघर्षाच्या काळातच गेले होते. आईच्या जिवाला धोका निर्माण झाला आणि तिला देश सोडून ब्रिटनचा आश्रय घ्यावा लागला. अशा माणसांना आपण ‘अनिवासी’ किंवा ‘परदेशस्थ’ म्हणून मोकळे होतो, पण त्या शब्दांना नोकरीचा आणि पारपत्राचा वास आहे. मराठीत यासाठी ‘परागंदा’ हा जुना आणि अचूक शब्द आहे. परागंदा माणसाला मागे वळून पाहताना गाव दिसत नाही, बंद झालेले दार दिसते. १९८८ साली अकॉम्फ्रा यांनी घानामध्ये जाऊन ‘टेस्टामेंट’ हा चित्रपट केला. त्याची नायिका एन्क्रुमांच्या काळातली कार्यकर्ती असून वीसेक वर्षांनी ती दूरचित्रवाणीची वार्ताहर म्हणून मायदेशी परतते. जुने सहकारी तिला भेटतात, परंतु कोणी तिच्याशी मोकळेपणाने बोलत नाही. त्या चित्रपटात सुखाने आठवावे असे फारसे काही नाही. जे आठवते ते उच्चारता येत नाही, हाच त्याचा विषय आहे. त्याला ‘रंजन’ हे उत्तरपद कसे जोडावे?

त्यांच्या कामाची सुरुवात एकट्याने झाली नाही, हेही नमूद करणे आवश्यक आहे. १९८२ मध्ये पोर्ट्समथ पॉलिटेक्निकमध्ये शिकणाऱ्या काही तरुण-तरुणींनी ‘ब्लॅक ऑडिओ फिल्म कलेक्टिव्ह’ हा गट स्थापन केला. लीना गोपॉल, ॲव्हरिल जॉन्सन, रीस ऑगिस्ट, ट्रेव्हर मॅथिसन, एडवर्ड जॉर्ज ही त्यांतली काही नावे. पुढे हा गट लंडनच्या हॅकनी भागात आला आणि १९९८ पर्यंत टिकला. गट स्थापन होण्याच्या आदल्याच वर्षी, १९८१ मध्ये, लंडनच्या ब्रिक्स्टन भागात कृष्णवर्णीय तरुण आणि पोलीस यांच्यात मोठी दंगल झाली होती. १९८२ च्या नोव्हेंबरमध्ये ‘चॅनल फोर’ ही नवी वाहिनी सुरू झाली आणि कामगार संघटना, ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट व ही वाहिनी यांच्यातील करारामुळे अशा छोट्या कार्यशाळांना नियमित पैसा मिळण्याची वाट खुली झाली. या गटाचे सुरुवातीचे काम चित्रपटाचे नव्हतेच. पारदर्शिका, म्हणजे आपण ज्यांना स्लाइड म्हणतो त्या, एकामागून एक पडद्यावर टाकायच्या आणि त्यांच्यासोबत ध्वनिफीत वाजवायची, असे ते काम होते. साम्राज्यकाळातील पुतळे, गोऱ्या अधिकाऱ्यांची आणि त्यांच्या प्रजेची छायाचित्रे, त्यांवर कोरल्यासारखी उमटणारी अक्षरे आणि खाली मॅथिसन यांचा घुमणारा, अस्वस्थ करणारा आवाज. जुने चित्र जसेच्या तसे ठेवून केवळ त्याखालचा आवाज बदलला, तर ते चित्र वेगळीच साक्ष देऊ लागते, हे त्यांना तेव्हाच उमगले होते.

याच समजुतीतून १९८६ मध्ये ‘हँड्सवर्थ साँग्ज’ तयार झाला. ९ सप्टेंबर १९८५ रोजी बर्मिंगहॅमच्या हँड्सवर्थ भागात दंगल उसळली. लोझेल्स रोडवरील दुकाने जळाली आणि तेथील टपाल कार्यालय चालवणारे दोन आशियाई भाऊ आगीत मृत्युमुखी पडले. त्याच महिन्याच्या अखेरीस ब्रिक्स्टनमध्ये पोलिसांनी घरावर घातलेल्या छाप्यात एका कृष्णवर्णीय स्त्रीला गोळी लागली. ५ ऑक्टोबरला लंडनच्याच टॉटनहॅम भागात पोलीस घराची झडती घेत असताना दुसरी एक कृष्णवर्णीय स्त्री कोसळली आणि मरण पावली. दुसऱ्या दिवशी तेथील ब्रॉडवॉटर फार्म वसाहतीत दंगल झाली व तीत एका पोलीस शिपायाची हत्या झाली. या सर्व घटना दूरचित्रवाणीने दाखवल्या, त्या ज्वाळा, दगड आणि पोलिसांच्या ढाली यांच्या भाषेत. अकॉम्फ्रा आणि त्यांचे सहकारी तेथे कॅमेरा घेऊन गेले, पण त्यांनी दंगलीची आणखी एक बातमी केली नाही. चित्रपटातील एका निवेदनात सांगितले जाते की लोझेल्स रोडवर एक पत्रकार एका मध्यमवयीन कृष्णवर्णीय स्त्रीच्या मागे लागला होता, त्याला तिच्याकडून ‘स्टोरी’ हवी होती. तिने उत्तर दिले की दंगलींमध्ये गोष्टी नसतात, असतात ती फक्त दुसऱ्या गोष्टींची भुते.

ही दुसऱ्या गोष्टींची भुते चित्रपटात कोठून येतात, तर बहुतांशी जुन्या चित्रणांच्या संग्रहातून. जहाजांतून उतरणारी माणसे, कारखान्यांतील कामगार, नाचाचे सभागृह, ‘आमच्या देशावर या लोकांचा लोंढा येईल’ अशी लोकांना वाटणारी भीती १९७८ मध्ये बोलून दाखवणाऱ्या मार्गारेट थॅचर आणि पोलिसांच्या गराड्यातून निसटू पाहणारा एक धावणारा तरुण. एके ठिकाणी अंधाऱ्या खोलीत कौटुंबिक छायाचित्रे टांगलेली आहेत आणि कॅमेरा त्यांच्यामधून हळूहळू फिरतो. लग्नातील जोडपी, कडक इस्त्रीच्या कपड्यांतली मुले, छायाचित्रकाराच्या दुकानात एका रेषेत बसवलेले कुटुंब. हा भाग मी अनेकदा पाहिला आहे आणि प्रत्येक वेळी त्यात मला संपूर्ण चित्रपटाचा युक्तिवाद दिसतो. वृत्तवाहिन्यांच्या संग्रहात हीच माणसे ‘समस्या’ म्हणून नोंदवली गेली, स्वतःच्या घरातील भिंतीवर मात्र ती नवरा, बायको, मुलगी अशी नांदत होती. दोन्ही चित्रे खरीच आहेत, फरक आहे तो कॅमेरा कोणी, कोणत्या गरजेपोटी धरला याचा.

हा चित्रपट आणि संपादकांना लिहिलेले पत्र यांचा एक जुना संबंध आहे. १९८७ च्या जानेवारीत, मुंबईत जन्मलेल्या सलमान रश्दी यांनी लंडनच्या ‘गार्डियन’मध्ये या चित्रपटावर कठोर टीका केली. हँड्सवर्थमधील माणसांना आपापली गोष्ट सांगू देण्याऐवजी चित्रपट ठरावीक वैचारिक शब्दांचा आश्रय घेतो आणि ज्यांना आवाज नाही त्यांना तो द्यायचा असेल तर आधी त्यासाठी भाषा शोधावी लागते, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. काही दिवसांतच जमैकात जन्मलेले थोर विचारवंत स्टुअर्ट हॉल यांनी त्याच वृत्तपत्राला पत्र लिहून उत्तर दिले. दंगलीच्या माहितीपटाची झिजलेली पद्धत मोडून नवी भाषा शोधण्याचा हा प्रयत्न आहे आणि तो रश्दींना दिसत नाही, हे त्यांचे म्हणणे होते. त्याच वर्षी या चित्रपटाला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा ग्रिअरसन पुरस्कारही मिळाला, पण पुरस्कारापेक्षा मला त्या पत्राचे मोल अधिक वाटते. वाचकांच्या पत्रांचे सदर किती गंभीर असू शकते, याचे ते उदाहरण आहे.

प्रामाणिकपणे सांगायचे तर प्रथम मी रश्दींच्या बाजूने होतो. आमच्या येथील लहानशा चित्रपट मंडळात काही वर्षांपूर्वी आम्ही हा चित्रपट दाखवला तेव्हा महाविद्यालयातील एका विद्यार्थ्याने अतिशय कळकळीने विचारले, ‘सर, यात गोष्ट कुठे आहे?’ मला त्या वेळी नीट उत्तर देता आले नाही. पुढे त्याच विद्यार्थ्याने दुसऱ्यांदा चित्रपट मागून नेला आणि परत देताना तो म्हणाला की, सर, त्या टांगलेल्या फोटोंपाशी मला आमच्या आजीच्या खोलीची आठवण झाली, पण आजी ज्या दुष्काळात गाव सोडून आली त्याचा एकही फोटो आमच्याकडे नाही. त्या दिवशी मला हॉल यांचे म्हणणे पटले. रश्दींनी मागितली ती गोष्ट, सलग, सुरुवात आणि शेवट असलेली, ज्याच्या आयुष्याची कागदपत्रे जपली गेली आहेत त्याला सांगता येते. इतरांच्या वाट्याला तुकडे येतात, आणि ते तुकडेही बहुधा दुसऱ्याच्या कपाटात असतात.

येथे भाषांतराविषयी एक मुद्दा मांडणे आवश्यक आहे. त्या काळातील ब्रिटनमध्ये ‘ब्लॅक’ हा शब्द केवळ आफ्रिकी वा कॅरिबियन वंशाच्या लोकांपुरता नव्हता. भारतीय, पाकिस्तानी, बांगलादेशी कामगार आणि त्यांची मुले यांनीही वर्णद्वेषाविरुद्धच्या लढ्यात तो शब्द आपला म्हणून वापरला होता, आणि हँड्सवर्थ ही तर पंजाबी व कॅरिबियन कुटुंबांची शेजारशेजारची वस्ती. म्हणून ‘कृष्णवर्णीय’ हा आपला सभ्य शब्द येथे अपुरा पडतो. तो कातडीविषयी बोलतो, तर तेव्हाचा ‘ब्लॅक’ हा एका राजकीय एकजुटीचे नाव होता. ती एकजूट पुढे विरली, हे खरे, आणि दोन आशियाई भावांच्या मृत्यूने तिला आधीच गेलेला तडा दाखवून दिला होता, हेही खरे. परंतु मराठी वाचकाने हा चित्रपट ‘त्यांचा’ म्हणून लांबून पाहू नये, याचे कारण याच शब्दाच्या इतिहासात आहे.

आता ‘संग्रहित’ या शब्दाकडे वळतो. देशांतरित समाजाच्या अस्तित्वाची साक्ष देणारी स्मारके नव्या देशात नसतात, म्हणून चित्रपटांचा व ध्वनिमुद्रणांचा संग्रह हेच त्यांच्यासाठी स्मारक ठरते, अशा अर्थाचे विवेचन अकॉम्फ्रा यांनी केलेले आहे. २०१० मधील ‘द नाइन म्यूजेस’ याच विचारावर उभा आहे. ग्रीक पुराणातील स्मृतिदेवता नेमोसिनी ही नऊ कलादेवतांची माता. तिच्या या कन्यांवरून चित्रपटाचे नाव पडले. त्यात कॅरिबियन, आफ्रिका आणि दक्षिण आशियातून ब्रिटनमध्ये आलेल्या माणसांची जुनी चित्रणे आहेत आणि त्यांच्यामध्ये अलास्काच्या बर्फाळ प्रदेशात कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी असलेली, जाड रंगीत जाकीट घातलेली एकाकी आकृती पुन्हा पुन्हा येते. जुन्या चित्रणांतील माणसे थंडीने कुडकुडत बस थांब्यावर उभी आहेत, भट्टीपाशी घाम गाळत आहेत. मूळ बातमीत ही दृश्ये काही क्षण झळकून गेली असतील. अकॉम्फ्रा ती रेंगाळू देतात, मूळ निवेदकाचा आवाज काढून टाकतात, आणि मग आपल्याला त्या माणसांचे चेहरे पहिल्यांदाच दिसतात.

संग्रह नष्ट झाला की काय होते, याचे उदाहरण ब्रिटननेच दिले. २२ जून १९४८ रोजी ‘एम्पायर विंडरश’ हे जहाज टिलबरी बंदरात कॅरिबियन प्रवाशांना घेऊन आले, आणि त्यानंतरच्या दशकांत आलेल्या पिढीला त्याच जहाजाचे नाव पडले. या लोकांच्या आगमनाची नोंद असलेली कार्डे ब्रिटनच्या गृहखात्याने २०१० मध्ये नष्ट केली. पुढे कायदे कडक झाल्यावर, बालपणापासून तेथे राहिलेल्या, कर भरलेल्या माणसांना आपण येथले आहोत हे कागदाने सिद्ध करा असे सांगण्यात आले. कित्येकांच्या नोकऱ्या गेल्या, उपचार नाकारले गेले, काहींना देशाबाहेर पाठवले गेले. २०१८ मध्ये हे सारे उघड झाले आणि गृहमंत्र्यांना राजीनामा द्यावा लागला. ओळख म्हणजे मनातली भावना, असे आपण सहज म्हणतो. या माणसांच्या बाबतीत ओळख एका पुठ्ठ्याच्या कार्डावर होती, आणि ते जपण्याची जबाबदारी ज्यांची होती त्यांनीच ते नष्ट केले.

स्टुअर्ट हॉल यांच्यावरील अकॉम्फ्रा यांचे काम लेखात केवळ एका ओळीत आटोपले आहे. २०१२ मध्ये तीन पडद्यांवरची मांडणी आणि २०१३ मध्ये ‘द स्टुअर्ट हॉल प्रोजेक्ट’ हा चित्रपट अशा दोन रूपांत ते आहे. जमैकातील किंग्स्टनमधून १९५१ साली ऑक्सफर्डला आलेला हा विद्यार्थी पुढे परत गेलाच नाही. त्यांच्या आकाशवाणी व दूरचित्रवाणीवरील जुन्या मुलाखती आणि माइल्स डेव्हिस यांचे संगीत अशा सामग्रीतून अकॉम्फ्रा यांनी एक आयुष्य उभे केले आहे. ओळख ही मुळाशी जाऊन शोधून काढायची वस्तू नव्हे, ती सतत घडत राहणारी प्रक्रिया आहे, हा हॉल यांचा सिद्धान्त येथे व्याख्यान न देता ऐकू येतो: तोच माणूस वेगवेगळ्या वर्षांत, वेगवेगळ्या वयांच्या आवाजांत बोलतो आणि प्रत्येक आवाज आधीच्याला थोडा दुरुस्त करतो.

नंतरच्या काळातील भव्य कलामांडण्यांविषयी माझे मत थोडे वेगळे आहे. २०१५ च्या व्हेनिस बिनाले या आंतरराष्ट्रीय कलाप्रदर्शनात मांडलेल्या ‘व्हर्टिगो सी’मध्ये तीन पडद्यांवर समुद्र आहे. देवमाशांची शिकार, गुलामांच्या जहाजांतून समुद्रात फेकलेली माणसे, व्हिएतनाममधून होड्यांतून निघालेले निर्वासित, हे सर्व एकमेकांशेजारी येते. १७८१ मध्ये ‘झाँग’ या जहाजावरून शंभराहून अधिक आफ्रिकी गुलाम जिवंतपणी समुद्रात टाकण्यात आले आणि नंतर मालकांनी विम्याची भरपाई मागितली, ही घटना त्या कामाच्या तळाशी आहे. हे काम थोर आहे यात शंका नाही. मात्र समुद्राची दृश्ये इतकी देखणी आहेत की कधी कधी त्या सौंदर्यात क्रौर्याची धार बोथट होते असे मला वाटते. ‘हँड्सवर्थ साँग्ज’च्या खरखरीत फिल्ममध्ये तो धोका नव्हता. शिवाय अशा मांडण्या मोठ्या संग्रहालयांतच पाहता येतात, लहान गावातील मंडळाला त्या आणता येत नाहीत. २०२३ मध्ये ब्रिटनने अकॉम्फ्रा यांना ‘सर’ ही पदवी दिली आणि २०२४ मध्ये व्हेनिसच्या ब्रिटिश दालनात त्यांचे काम मांडले गेले. ज्या राष्ट्राने त्यांच्या लोकांची चित्रे ‘समस्या’ म्हणून जपली, त्याच राष्ट्राच्या दालनात ती चित्रे त्यांनी पुन्हा मांडली, याचे मला अतिशय समाधान वाटते.

पहिल्या महायुद्धातील आफ्रिकी आणि इतर वसाहतींतील सैनिकांवर त्यांनी २०१८ मध्ये ‘मायमेसिस: आफ्रिकन सोल्जर’ हे काम केले. मी साताऱ्याचा रहिवासी असल्याने ते मला विशेष जवळचे वाटते. येथून जवळच असलेल्या अपशिंगे गावात त्याच युद्धात गेलेल्या सैनिकांचे स्मारक आहे. बसऱ्याला किंवा फ्रान्सला गेलेल्या आमच्या भागातील शिपायांची जी चलचित्रणे वा छायाचित्रे आज उरली आहेत, त्यांतील बहुतेकांखाली माणसाचे नाव नसते, ‘भारतीय सैनिक’ एवढेच असते. गावाला नावे ठाऊक आहेत आणि संग्रहाकडे चेहरे आहेत. या दोहोंची गाठ घालून देणारा कोणी अद्याप आमच्याकडे झालेला नाही.

म्हणून माझी आपणास दोन बाबतींत विनंती आहे. पहिली अशी की या विषयावर पुन्हा लिहिताना ‘स्मरणरंजन’ हा शब्द टाळावा. ‘स्मृतिशोध’ म्हणा, ‘स्मरण’ म्हणा, काहीच सुचले नाही तर साधे ‘आठवणे’ म्हणा. दुसरी विनंती त्या छायाचित्राविषयी आहे. ते कोणत्या वृत्तसंस्थेकडून आले, कोणत्या बंदरातले आहे, कोणत्या वर्षी आणि शक्य असल्यास कोणी टिपले, एवढी माहिती आपल्या संदर्भ विभागाकडे मूळ प्रतीसोबत असण्याची शक्यता आहे. ती असल्यास पुढील अंकात छापावी. शिडीवरील तिसऱ्या माणसाच्या हातात एक लहान पेटी आहे आणि तो कॅमेऱ्याकडे थेट पाहतो आहे. तो कोठून आला आणि कोणत्या तारखेला उतरला, हे मला जाणून घ्यायचे आहे.

आपला नम्र,
एक नियमित वाचक, सातारा